तुम्ही विचारलंत म्हणून : माझ्या जगात दोन कॅलेंडरं कशाला?

माझी नावाड्यांची गोष्ट वाचून झाली की बहुतेक जण एकच विचारतात, की हे दोन कॅलेंडरांचं झंझट कशाला घातलंत, सगळं जग तुमच्याच मनातलं ना, मग एकच ठेवायचं, वाचणाऱ्याच्या डोक्याला ताप नको. काही जण विचारतात सुचलं कुठून. तर सुचायला काही लागलंच नाही, मी इंदूरची आहे.

म्हणजे बघा, आमच्या रामबागेतल्या घरात स्वयंपाकघराच्या दारामागे एकाच खिळ्यावर दोन टांगलेली असतात, वर कालनिर्णय, खाली हिंदीवाल्यांचं लाला रामस्वरूप. आईचा श्रावण दिव्याच्या अवसेनंतर लागतो. शेजारच्या भाभीजींचा सावन गुरुपौर्णिमेच्या दुसऱ्याच दिवशी. त्यांचे दोन सोमवार होऊन जातात तेव्हा आमच्याकडे अजून आषाढच, कांदाभजी जोरात चालू. राखी मात्र दोघींची एकाच दिवशी, कारण शुक्ल पक्ष दोघींचा एकच, भानगड सगळी वद्यात. राखीच्या दुसऱ्या दिवशी भाभीजींचा भादो लागला की त्या मोकळ्या, त्यांच्या कढईतल्या लसणाचा वास आमच्या खिडकीतून आत, आणि आई अजून पंधरा दिवस कांदा-लसूण बंद करून बसलेली. जन्माष्टमी परत एकाच रात्री, त्यांच्या भादोत, आमच्या श्रावणात. तिकडे उज्जैनला महाकालची सवारी सावनापासून निघते ती भादोच्या वद्यापर्यंत चालते, म्हणजे दोन्ही श्रावणांची सोय झाली.

त्याहून मजा रंगपंचमीची. राजवाड्यावर गेर, म्हणजे रंगांची मिरवणूक, निघते, अख्खं शहर रंगात, आणि त्याच गर्दीत अर्धे लोक फाल्गुनात उभे असतात नि अर्धे चैत्रात! बरं, चैत्र लागला म्हणून त्यांचं वर्ष बदललं का, तर नाही, विक्रम संवत बदलतो चैत्र शुद्ध प्रतिपदेला, आमच्या गुढीपाडव्यालाच. म्हणजे त्यांच्या चैत्राचा पहिला पंधरवडा जुन्या वर्षात आणि दुसरा नव्यात. हे मी गोष्टीत लिहिलं असतं तर लोक म्हणाले असते काहीही काय.

आता माझं जग. नदीच्या वरच्या अंगाचे सावकार पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवसापासून महिना धरतात, खालचे नावाडी अवसेनंतर. महिन्यांची नावं दोघांकडे तीच, नांगर, चिखल, जाळं, मोहर अशी, कामांवरून. कर्जाच्या कागदावर लिहिलंय ‘मोहर, काळोखी पंचमी’. त्या दिवशी सावकाराचा माणूस घाटावर येतो आणि सरळ नावेची दोरी सोडायला लागतो, आणि नावाडी म्हणतो अहो आज तर जाळ्याची काळोखी पंचमी, अजून तीस दिवस आहेत माझ्याकडे. दोघंही खरं बोलतायत, कागदही खरा. हिशेबनीस कोणाच्या बाजूचा आहे त्यावर नाव कोणाची ते ठरणार. कॅलेंडर एकच ठेवलं तर ही गोष्टच उरत नाही हो.

मला खरं तर कंटाळा येतो त्या कल्पित जगांचा जिथे दोन चंद्र, तेरा महिने, भारी भारी नावं, आणि त्या तारखांमुळे ना कोणाचं भाडं थकत ना कोणाचं लग्न अडत, नुसता वॉलपेपर. ‘शेवटी एक तक्ता टाका’ असंही बरेच जण सांगतात. नाही टाकणार. नावाड्याकडे कुठे आहे तक्ता?

आणि अधिक महिन्याचं विचारणारे. आपलं चांद्र वर्ष 354 दिवसांचं, सूर्याचं 365, वर्षाला 11 दिवस मागे पडतात, म्हणून साधारण 32-33 महिन्यांनी एक महिना जास्तीचा. 2023ला श्रावणच अधिक आला होता, 18 जुलै ते 16 ऑगस्ट. आमच्याकडे आधी अधिक, मग निज म्हणजे खरा श्रावण, सरळ हिशेब. भाभीजींच्या सावनाचे मात्र दोन तुकडे झाले, एक पंधरवडा आधी, एक नंतर, मधे हा महिनाभर ठाण मांडून. सोमवार नक्की कुठले धरायचे यावर जिन्यात जी चर्चा झाली ती मी जवळजवळ जशीच्या तशी गोष्टीत उचलली आहे, फक्त जिन्याचा घाट केला.

माझ्या जगात गणित सोपं ठेवलंय, चंद्र बरोब्बर 30 दिवसांचा, वर्ष 370 दिवसांचं, दरवर्षी 10 दिवस उरतात आणि तीन वर्षांनी अख्खा महिना जमतो. त्या महिन्यात व्याज लागत नाही. मग तो महिना जाहीर कोण करणार? सावकार म्हणतात आम्ही, वह्या आमच्याकडे आहेत, आणि दर वेळी पुढे ढकलतात. नावाडी म्हणतात नदी सांगेल, पाणी घाटाच्या कुठल्या पायरीला लागलंय ते बघा. पुढच्या भागात हेच भांडण आहे, त्यामुळे आत्ता जास्त नाही सांगत. एवढंच राहिलंय की आपल्याकडे धोंड्याच्या महिन्यात जावयाला 33 अनारसे देतात तसं नावाड्यांच्या जावयाला काय द्यायचं. नदीकाठची माणसं, सुकी मासळीच देत असतील बहुतेक.