सेमिनरी हिल्सवरचा काळा दगड

आज पुतण्याला घेऊन नागपूरच्या सेमिनरी हिल्सवर गेलो. तिथल्या काळ्या दगडातली बारीक छिद्रं त्याला दाखवली. लाव्हा थिजताना आत अडकलेल्या वायूच्या बुडबुड्यांची ती जागा. पोरानं विचारलं, "काका, डायनासोर गेल्यावर मग काय झालं?" फार आवडला मला हा प्रश्न. आपण सगळे डायनासोरना संपवणाऱ्या उल्केपाशीच थांबतो ना!

त्यानंतर आला डेनियन काळ, ६.६ कोटी ते साधारण ६.१६ कोटी वर्षांपूर्वीचा, पॅलिओसीन या भूशास्त्रीय युगाचा पहिला टप्पा. दख्खनचा लाव्हा तेव्हाही उसळतच होता. मधल्या शांत काळात लाव्हाच्या थरांवर तळी साचायची, त्यात गोगलगायी राहायच्या. आपल्या नागपुरातल्या टाकळीत मिशनरी रेव्हरंड हिस्लॉप यांना एकोणिसाव्या शतकात अशाच तळ्यांच्या गाळातले जीवाश्म सापडले. आणि उंदराएवढे सस्तन प्राणी? डायनासोर गेल्यानं मोकळ्या झालेल्या जंगलात ते भराभर वाढले, काही तर चांगले कुत्र्याएवढे झाले.