बांगड्या काढून ठेवा

परवा दुपारी पलीकडच्या फ्लॅटमध्ये जोरदार वाजलं. भांडण हो. हल्लीच्या बिल्डिंगांच्या भिंती इतक्या पातळ की ऐकायचं नाही असं ठरवलं तरी ऐकू येतं, आणि मी तर तसं काही ठरवलंही नव्हतं. शब्द नीट कळत नव्हते पण बाकी सगळं दिसत होतं. हो, दिसतच होतं. तो बाल्कनीच्या दाराशी उभा, ती आधी सोफ्यावर बसून बोलत होती मग तरातरा किचनमध्ये गेली आणि तिथून बोलायला लागली (आवाज टाइल्सवर आपटून यायला लागला की समजायचं), मग त्याने मोबाईल टेबलावर आदळला. सुलटा की पालथा ते मात्र नाही सांगता येणार.

हे खूळ मला माईंनी लावलं.

माई आमच्या वाड्यात वरच्या मजल्यावर राहायच्या. आधी नाटकात होत्या, म्हणजे अगदी रीतसर, दौरे, रात्रभर बसचा प्रवास, सकाळी कुठल्यातरी गावात उतरून धर्मशाळेत आंघोळ आणि रात्री परत शालू नेसून उभं राहायचं, असं सगळं. पुणे आकाशवाणी सुरू झाली 1953 साली, 2 ऑक्टोबरला, त्यानंतर काही वर्षांनी माई तिथे लागल्या. आधी ऑडिशन देऊन श्रुतिकांमधून, म्हणजे रेडिओवरच्या नाटकांमधून, आवाज द्यायला आणि मग नाट्यविभागात निर्मात्या म्हणून. वाड्यातल्या बायकांना ही सरळसरळ घसरण वाटायची. टाळ्या घेणारी बाई आता सायकलवर टांग टाकून शिवाजीनगरला जाते आणि कुणाला दिसत पण नाही, असं आमची आजी म्हणायची. माईंच्या कानावर हे जायचंच, वाडाच तो. त्या म्हणायच्या, चाळिशीनंतर मला स्टेजवर कोण नायिका देणार होतं हो, आईची कामं आली असती, ती पण पदराने डोळे पुसायची. रेडिओवर मी अजून सोळाची आहे.

आणि सोळाच्याच का, त्या दहा वर्षांचा मुलगा पण व्हायच्या. रेडिओवर लहान मुलांची कामं बऱ्याचदा बायकाच करायच्या हे किती जणांना माहितीये कुणास ठाऊक. खरं मूल आणलं की ते माइकला हात लावतं, पान चुकवतं, शू आली म्हणतं. त्यापेक्षा बारीक आवाजाची बाई बरी. माई पन्नाशीपर्यंत बंड्या होत्या. बालगंधर्वांनी शालू नेसून महाराष्ट्राला वेड लावलं आणि इकडे आमच्या माई चष्मा लावून, गुडघेदुखीचं तेल चोळून, बंड्या! मजा म्हणजे घरी मुलांवर ओरडताना पण मधेच बंड्याचा आवाज लागायचा आणि मग ओरडण्यात काही दम राहायचा नाही.

एकदा मे महिन्याच्या सुट्टीत त्या मला रेकॉर्डिंगला घेऊन गेल्या होत्या. दोन दारं, एकामागे एक, जाड. दुसरं दार बंद झालं की कानात बोळा घातल्यासारखं व्हायचं. भिंतींना भोकं भोकं. काचेपलीकडे माई आणि एक इंजिनिअर साहेब, मी अलीकडे, नटांच्या बाजूला, स्टुलावर, हलायचं नाही खोकायचं नाही अशी ताकीद देऊन बसवलेली. आणि माईंचं पहिलं वाक्य काय तर "बांगड्या काढून ठेवा." मला वाटलं काही अशुभ झालं की काय! पण किणकिण येते ना माइकवर. सगळ्या बायकांनी मुकाट्याने काढल्या, एकीचं नुकतंच लग्न झालेलं, हिरवा चुडा, ती काही केल्या काढेना, शेवटी तिच्या मनगटांना दोन रुमाल घट्ट बांधले आणि ती तशीच, हाताला लागल्यासारखी, माइकसमोर उभी राहून प्रेमाचे संवाद म्हणत होती. सिल्कची साडी पण नाही चालायची, सळसळते. पानांना पिन नाही, सगळी सुटी, वाचून झालेलं पान उलटायचं नाही, हळूच खाली सतरंजीवर सोडून द्यायचं. सीन संपला तेव्हा सगळ्यांच्या पायाशी पानांचा सडा.

कोपऱ्यात एक गृहस्थ होते त्यांच्यावरची माझी नजर हटेना. त्यांच्याजवळ नुसतं दार होतं. चौकट, कडी, कुलूप सगळं आहे पण आजूबाजूला भिंत नाही. एका पेटीत खडी. नायक घरी आला की हे गृहस्थ पेटीत जागच्या जागी चालायचे, मग दाराची कडी वाजवायचे, आणि नायक स्वतः माइकपाशी चष्मा सावरत शांत उभा. घोडा म्हणजे करवंट्या, आग लागली की चुरगाळलेला चकचकीत कागद. चहाचा कप तेवढा खरा, बशीसकट, पण आत पाणी.

माईंची खरी डोकेदुखी म्हणजे स्टेजवरची माणसं. नाटकात जन्म काढलेला माणूस आला की तो पिटातल्या शेवटच्या बाकावरच्या प्रेक्षकासाठीच बोलणार, आणि इथे माइक वीतभर अंतरावर. इंजिनिअर साहेबांच्या मीटरची सुई लाल पट्ट्यात जाऊन आदळायची. शिवाय यांना हातवारे लागतात, एक पाऊल पुढे टाकून वाक्य म्हणायची सवय असते, पाऊल टाकलं की आवाज उडाला. हशा येईल म्हणून थांबतात, हसणार कोण, खडीवाले गृहस्थ? माई काचेपलीकडून टॉकबॅकवर, म्हणजे आत ऐकू जाणाऱ्या माइकवर, सांगायच्या, "अहो, ती तुमच्या शेजारी उशीवर डोकं ठेवून झोपलीये, तिला सांगताय तुम्ही. पुण्याला नका सांगू." पण हे माईंनाच कळायचं कारण त्या स्वतः त्याच बाकावरच्या माणसासाठी ओरडून आलेल्या. नुसत्या रेडिओत वाढलेल्या माणसाला ते तसं सांगता आलं असतं असं मला वाटत नाही. आणि त्यांचा दुसरा आग्रह पॉजचा. नाटकात नटी गप्प उभी राहिली तरी लोक तिच्याकडे बघत असतात, रेडिओवर गप्प राहिलं की लोकांना वाटतं स्टेशन गेलं. ड्यूटी ऑफिसरला पण वाटतं. तरी माई पॉज घ्यायच्याच, फक्त त्यात काहीतरी बारीकसं ठेवायच्या, लांब कुठेतरी नळ, नाहीतर घड्याळ. म्हणायच्या, शांतता ऐकवायची तर तिच्यात एक आवाज लागतो.

मागे कुठेतरी वाचलं की रेडिओसाठी म्हणून लिहिलेलं अगदी सुरुवातीचं नाटक बीबीसीने 1924 च्या जानेवारीत लावलं होतं, रिचर्ड ह्यूज नावाच्या लेखकाचं, आणि ते घडतं कोळशाच्या खाणीत, दिवे गेल्यावर. म्हणजे पात्रांनाही काही दिसत नाही आणि ऐकणाऱ्यालाही नाही. काय डोकं आहे बघा. माईंना हे सांगायला मी फार उशिरा वाचलं, नाहीतर त्या नक्की म्हणाल्या असत्या की खाण कशाला हवी, आमच्या वाड्यात रोज संध्याकाळी दिवे जातात.

घरी आमचा रेडिओ कपाटावर, मला हात पुरायचा नाही. मुंबई आकाशवाणीची 'पुन्हा प्रपंच' ही श्रुतिका लागली की आई कणीक मळायची थांबायची, एवढ्यावरून काय ते समजा. त्यातले टेकाडे भावजी कसे दिसत असतील यावर माझं आणि भावाचं कायम वाजायचं. माझे भावजी बुटके, टोपीवाले, भावाचे उंच. पुढे कधीतरी भावजींचा आवाज देणाऱ्या बाळ कुडतरकरांचा फोटो बघितला आणि रागच आला, हे कोण? प्रभाकर जोशींचे पंत आणि नीलम प्रभूंच्या मीनावहिनी यांचे तर मी फोटो बघायचेच नाहीत असं ठरवून टाकलं. माई हे ऐकून खूष झाल्या. स्टेजवर एकच नायिका असते, रेडिओवर जितके सेट तितक्या, म्हणाल्या.

टेपचं राहिलंच. तेव्हा पाव इंची टेप, मोठी स्पूलं, आणि एडिटिंग म्हणजे खरोखर ब्लेडने कापायचं. हाताने स्पूल मागेपुढे फिरवत जागा शोधायची, पेन्सिलीने खूण करायची, तिरका काप द्यायचा आणि चिकटपट्टी लावायची. माई गळ्यात टेपचे तुकडे अडकवून बसायच्या, हा उसासा, हे हसू, ही 'अगं पण' नंतरची धाप. एका नटीचा उसासा दुसऱ्याच सीनमध्ये नेऊन चिकटवायच्या आणि तिला पत्ताही लागायचा नाही! ती लोकांना सांगत फिरायची काय जमलाय ना तो प्रसंग. टेप तेव्हा महाग, त्यामुळे एक-दोनदा वाजली की पुसून तिच्यावर दुसरं रेकॉर्ड करायची चाल जगभरच्या रेडिओवाल्यांत होती, बीबीसीवाल्यांनी पण ढिगाने पुसलंय. त्यामुळे माईंचं आता कुठे काही ऐकायला मिळेल अशी फार आशा ठेवण्यात अर्थ नाही.

माझ्यापुरतं म्हणाल तर टीव्हीवर मालिका लागली की मी पाठ करून बसते आणि नुसती ऐकते. घरचे वैतागतात. पण ऐकून बघाच एकदा, कुणी चालतच नाही! माणसं एका वाक्यात हॉलमध्ये आणि पुढच्या वाक्यात जिन्यावर, मधे पावलं नाहीत, दार नाही, नुसतं ढॅण ढॅण ढॅण. आणि बांगड्या मात्र अखंड वाजत असतात. माई असत्या तर रुमाल घेऊन धावल्या असत्या.

त्या गेल्या तेव्हा पेपरात छोटी बातमी आली होती. फोटो शालूतला, कुठल्यातरी नाटकातला, नजर वर. खाली नाटकांची नावं, सहकलाकारांची नावं, दौऱ्यांचा उल्लेख, सगळं व्यवस्थित, आणि शेवटून दुसरी ओळ, 'काही काळ त्या आकाशवाणीवरही कार्यरत होत्या'. काही काळ म्हणजे रिटायर होईपर्यंत.