टायर दाबून बघणारे बाबा

अ‍ॅनिमेशनच्या स्टोरी डिपार्टमेंटमध्ये, म्हणजे जिथे सिनेमाची गोष्ट आधी कच्च्या चित्रांच्या ओळीत (स्टोरीबोर्डवर) मांडतात तिथे, हात फार चांगला असला की कधीकधी तोच नडतो. नवी पोरं बोर्डच्या पहिल्याच पॅनलवर, म्हणजे चौकटीवर, शेडिंग करत बसतात, संध्याकाळी अख्खा सीनच उडतो आणि मग त्यांचे चेहरे बघवत नाहीत. इथे चित्र काढायचं ते फेकण्यासाठीच. 'टॉय स्टोरी'चं १९९३ साली डिस्नेच्या लोकांना दाखवलेलं रूप इतकं फसलं होतं, की काम थांबवून कथा नव्याने बांधावी लागली. सिनेमा आला १९९५ला. मधल्या काळात किती कागद टोपलीत गेले असतील, विचार करा.

मी लागले ती इनबिटवीनर म्हणून. दोन मुख्य पोझच्या मधली चित्रं भरायची. बोर्ड परदेशातून तयार होऊन यायचे, आपण नुसतं हलवायचं. ज्या पुण्यात प्रभातने १९३४ सालीच 'जंबूकाका' हे कार्टून केलं, त्या पुण्यात बसून दुसऱ्यांच्या गोष्टींना हातपाय लावायचे, याचा मला मनापासून राग यायचा.

तेव्हा बिल पीटचं आयुष्य वाचलं आणि जरा धीर आला. गडी १९३७मध्ये डिस्नेत लागला तो इनबिटवीनर म्हणूनच. डोनाल्ड डक काढून काढून इतका पिसाळला, की एक दिवस 'आता बदकं बास!' असं ओरडत बाहेर पडला. दुसऱ्या दिवशी विसरलेलं जाकीट घ्यायला गेला, तर टेबलावर पाकीट: स्टोरीत बढती. (आमच्याकडे ओरडून बघा, एचआरचा मेल येतो.) पुढे १९६१च्या 'वन हंड्रेड अँड वन डाल्मेशन्स'ची पटकथा त्याने एकट्याने लिहिली आणि बोर्डही एकट्यानेच काढले. एरवी तिथे हे काम टोळीने चालायचं. १९६४मध्ये वॉल्टशी बिनसलं तसा बाहेर पडला आणि मुलांची चित्रपुस्तकं लिहीत-काढत राहिला.

लिहिणं आणि काढणं वेगळं नसतं, हे मला पीटकडून कळलं. पण हाताला वळण लागलं ते स्टोरीत आल्यावरच्या एका छोट्या सीनमुळे. मुलगी पहिल्यांदा शहरात राहायला निघालीये, बाबा गेटपाशी उभे. स्क्रिप्टमध्ये वाक्य होतं, 'काळजी घे गं, मला तुझी फार आठवण येईल.' कुठल्या कोथरूडच्या बापाने असं वाक्य उच्चारलंय? मी ते काढून टाकलं. बाबा वाकून तिच्या स्कूटीचं पुढचं टायर अंगठ्याने दाबतात. मग मागचं. मग परत पुढचं. 'हवा कमी वाटतेय,' एवढंच म्हणतात. सहा पॅनल, तीही काडीमाणसं वाटावीत अशी रफ.

पिचिंगला, म्हणजे बोर्ड सगळ्यांना दाखवताना, उभं राहून सगळे आवाज स्वतःच काढायचे असतात. तिसऱ्यांदा टायर दाबलं तेव्हा खोली हसली, आणि 'हवा कमी' म्हटल्यावर एकदम गप्प झाली. अ‍ॅनिमॅटिकमध्ये (बोर्डची चित्रं आवाजासकट एकामागून एक लावलेला कच्चा व्हिडिओ) माझाच घोगरा बाबा तात्पुरता लावला होता. सीन राहिला. त्याच भागातले माझे दोन जास्त देखणे सीन मात्र गेले, आणि जायलाच हवे होते.

काम अजूनही बरंचसं मालिकांचं, पैसे वेळेवर येतातच असं नाही आणि घरी आत्या विचारतेच, 'म्हणजे कार्टूनला आवाज देतेस का?' देते की, पिचिंगपुरता.

पोर्टफोलिओ पाठवणाऱ्यांनो, ड्रॅगन आणि तलवारवाल्या पोरी पुष्कळ बघून झाल्या. एकही संवाद न वापरता दोन माणसांचं भांडण काढून पाठवा. पार्किंगवरून झालेलं चालेल, पुण्यात रेफरन्सला तोटा नाही.