रेकॉर्डबरोबर गाणाऱ्या बाई

एका दुपारी, जेवण अंमळ जास्त झाल्यामुळे आलेली पेंग लिहिण्याच्या कामावर मात करू लागली, तेव्हा जागे राहण्यासाठी मी एन्रिको कारुसो या इटालियन ऑपेरागायकाचे एखादे जुने गाणे शोधू लागलो आणि गाण्याऐवजी १९३२ सालची एक छोटीशी बोलकी चित्रफीत समोर आली. तिच्यात एक ग्रामोफोन आहे, चारदोन माणसे आहेत आणि साठीच्या घरातली, चांगल्या ऐसपैस देहाची एक बाई कान देऊन ऐकते आहे. तबकडीवर कारुसो ‘मार्था’ या ऑपेरातले नायकाचे प्रसिद्ध गाणे गातो आहे. बाई थोडा वेळ नुसती ऐकते आणि मग तिला राहवत नाही. ती त्याच्याबरोबर गाऊ लागते. माझी पहिली प्रतिक्रिया, खरे सांगायचे तर, अशी होती की अहो बाई, जरा गप्प बसा, मला कारुसो ऐकू द्या.

रेकॉर्डबरोबर गाणाऱ्या माणसांचा मला लहानपणापासून राग आहे. मैफलीत शेजारच्या खुर्चीवर बसून मांडीवर थापा मारणारे आणि समेच्या अर्धी मात्रा आधीच ‘आहा’ म्हणून मोकळे होणारे गृहस्थ, किंवा नाट्यगीताचा मुखडा गायकाने तोंड उघडण्यापूर्वी स्वतःच म्हणून टाकणाऱ्या बाई दिसल्या, की मी जागा बदलतो. परंतु चित्रफितीखालचे नाव वाचले आणि मी ओशाळलो. त्या बाई म्हणजे एके काळच्या नामवंत ऑपेरागायिका लुइझा तेत्राझ्झिनी होत्या, आणि त्यांना गप्प बसवण्यासाठी एकदा एक नाट्यगृहाचा मालक कोर्टापर्यंत जाऊन आला होता. त्यालाही ते जमले नव्हते.

तेत्राझ्झिनींचा जन्म १८७१ साली फ्लॉरेन्सचा. त्यांची मोठी बहीण इव्हा हीसुद्धा त्यांच्यासारखीच सोप्रानो, म्हणजे सर्वांत उंच पट्टीत गाणारी गायिका होती. व्हेर्दीच्या ‘ओथेल्लो’ या ऑपेराचा अमेरिकेतला पहिला प्रयोग १८८८ साली झाला, तेव्हा डेस्डेमोनाची भूमिका तिने केली होती. घरात मोठीचा रियाज चालायचा आणि धाकटी ऐकता ऐकता ते सारे उचलायची. आपल्याकडे थोरल्या बहिणीची शिकवणी चाललेली असताना दाराआड बसून धाकटीच तयार झाल्याच्या गोष्टी प्रत्येक गावात एकदोन तरी असतात, त्यामुळे यात नवल वाटण्यासारखे काही नाही. नवल पुढच्या प्रसंगाचे आहे. १८९० साली फ्लॉरेन्समध्ये मायरबेअरच्या ‘लाफ्रिकेन’ या ऑपेराची तयारी चालू असताना इनेझचे काम करणारी गायिका ऐनवेळी उभी राहू शकली नाही, तेव्हा प्रेक्षकांत बसलेली ही मुलगी उठून म्हणाली, की मला हे काम पाठ आहे, असे सांगतात. पाठ कसे होते, तर दुसऱ्याचे ऐकून, मनातल्या मनात बरोबर गाऊन. म्हणजे ज्या सवयीला मी आयुष्यभर नाके मुरडत आलो, तिच्यातूनच या बाईंची सारी कारकीर्द निघालेली आहे.

त्यानंतरची सतरा वर्षे त्यांनी दक्षिण अमेरिका, रशिया, मेक्सिको असे मुलूख गाजवले, तरी लंडनच्या लोकांना त्यांची फारशी खबर नव्हती. २ नोव्हेंबर १९०७ रोजी तिथल्या कॉव्हेंट गार्डन या ऑपेरागृहात त्या ‘ला त्राव्हियाता’ या ऑपेराची नायिका व्हिओलेत्ता म्हणून उभ्या राहिल्या आणि एका रात्रीत प्रसिद्ध झाल्या, असे लिहिण्याची पद्धत आहे; छत्तिसाव्या वर्षी येणाऱ्या रात्रीला एक रात्र म्हणावे का, हा प्रश्न मी बाजूला ठेवतो. क्षयाने खंगत जाणारी व्हिओलेत्ता इतक्या भरल्या अंगाची कशी, हेही प्रेक्षकांना दिसत असणारच, परंतु ज्यांनी पन्नाशीतल्या पुरुषाला रंगभूमीवर षोडशा म्हणून डोक्यावर घेतले, त्या मराठी नाट्यरसिकांनी तरी त्यावर हसू नये. गळा खरा निघाला, की डोळे तडजोड करतात.

तो गळा कसा होता, ते त्यांच्या तबकड्यांवर अजून ऐकता येते. १९०७ पासून लंडनच्या ज्या ग्रामोफोन कंपनीने त्यांच्या तबकड्या काढल्या, तिच्याच फ्रेड गाइसबर्गने १९०२ साली आधी मिलानला कारुसोचा आणि पुढे त्याच वर्षी कलकत्त्याला गौहरजानचा आवाज मुद्रित केला होता. तेत्राझ्झिनींच्या तबकड्यांपैकी मला सर्वांत आवडते ते ‘लाक्मे’ या फ्रेंच ऑपेरातले घंटांचे गाणे. ऑपेराची नायिका नीलकंठ नावाच्या ब्राह्मण पुरोहिताची मुलगी आहे, आणि तिचे गाणे फ्लॉरेन्सच्या या बाई इटालियनमधून गातात. शब्द संपतात आणि नुसता स्वर छोट्या छोट्या घंटांसारखा वर वर किणकिणत जातो, तेव्हा त्या पुरोहितकन्येचे गोत्र विचारण्याची इच्छा कोणालाही होणार नाही. त्याला तान म्हणावे, तर ती बरीचशी आधी कागदावर लिहिलेली असते. म्हणू नये, तर ऐकताना हात आपोआप दाद द्यायला उठतो.

आता ते कोर्टाचे प्रकरण. न्यू यॉर्कला त्यांना नेणाऱ्या ऑस्कर हॅमरस्टीन या नाट्यगृहाच्या मालकाशी त्यांचे १९१० साली बिनसले. करार आपल्याशी आहे, तेव्हा इतरत्र गाता येणार नाही, असे त्याचे म्हणणे. आणि सॅन फ्रान्सिस्कोत मी गाणारच, वेळ पडली तर रस्त्यावर गाईन, कारण तिथले रस्ते कोणाच्या मालकीचे नाहीत, असे बाईंचे उत्तर. रागाच्या भरात असे आपण सगळेच बोलतो. बाई बोलल्या आणि २४ डिसेंबर १९१० रोजी, नाताळच्या आदल्या संध्याकाळी, मार्केट स्ट्रीटवरच्या लोट्टाच्या कारंज्यापाशी मंचावर जाऊन उभ्या राहिल्या. समोर दोन ते अडीच लाख माणसे होती, असा त्या वेळचा अंदाज आहे. ध्वनिवर्धक हा प्रकार अजून यायचा होता. आमच्या गल्लीतल्या मंडपात पन्नास माणसांसाठी दोन भिंतींएवढे कर्णे लावतात, ते ऐकताना मला दर वर्षी हा आकडा आठवतो.

त्या संध्याकाळी त्यांनी जी गाणी म्हटली, त्यांत ‘द लास्ट रोज ऑफ समर’ हे जुने आयरिश गीत होते. ती जागाही साधी नव्हती. १९०६ च्या एप्रिलमध्ये भूकंपाने आणि आगीने शहर उद्ध्वस्त झाले, तेव्हा ताटातूट झालेली माणसे एकमेकांना शोधायला याच कारंज्यापाशी जमली होती. आणि कारुसो त्या वेळी तिथून हाकेच्या अंतरावर, पॅलेस हॉटेलात उतरलेला होता. आदल्याच रात्री तो ‘कार्मेन’मध्ये गायला होता. पहाटे जमीन हलली, तो जीव घेऊन बाहेर पडला आणि पुन्हा त्या शहरात गाण्यासाठी आयुष्यात कधी गेला नाही. त्याला दोष देण्यात अर्थ नाही. मी तर त्या राज्यातही गेलो नसतो. परंतु मित्र जिथून पळाला, तिथेच बाई साडेचार वर्षांनी उघड्यावर उभ्या राहून गायल्या, ही गोष्ट चित्रफीत पाहताना मनातून जात नाही. शिवाय ते आयरिश गीत ‘मार्था’तही आहे, नायिकेच्या तोंडी. तिथले नायिकेचे गाणे बाईंनी १९१० साली रस्त्यावर म्हटले आणि नायकाच्या गाण्यात १९३२ साली आपला आवाज मिसळला. मधल्या काळात, १९२१ साली, कारुसो अठ्ठेचाळिसाव्या वर्षी नेपल्समध्ये वारला होता.

आमच्या घरी रेकॉर्डबरोबर गाणारी माणसे म्हणजे एकटी आत्या. दुपारी ओटा आवरताना ती आकाशवाणीवरच्या नाट्यसंगीताला साथ द्यायची. रेडिओतला गायक तानेला निघाला, की ती थांबायची, हातातली पळी तशीच धरून त्याच्या परतण्याची वाट पाहायची आणि तो मुखड्यावर आला, की जणू मधल्या काळात काही झालेच नाही, अशा थाटात पुन्हा त्याच्याबरोबर चालू लागायची. तिचा स्वर किंचित वर असायचा. काकांनी कॅसेटवर मुद्रण करणारे यंत्र आणले, तेव्हा मी सातवीत होतो, आणि ते रेडिओसमोर ठेवून गाणी ‘स्वच्छ’ उतरवून घेणे हा माझा उन्हाळ्याच्या सुट्टीतला मुख्य उद्योग होऊन बसला. त्यासाठी पंखा बंद करायचा, खिडकी लावायची आणि आत्याला दटावायचे.

तेत्राझ्झिनींचे शेवटचे दिवस बरे गेले नाहीत. १९२६ साली वयाने कितीतरी लहान असलेल्या माणसाशी त्यांनी लग्न केले, ते टिकले नाही आणि पैशाचेही भांडण झाले. मिळवलेले अफाट होते, राहिले काहीच नाही. उतारवयात त्या शिकवण्या करीत, आणि १९४० च्या एप्रिलमध्ये मिलानला वारल्या, तेव्हा अंत्यविधीचा खर्च सरकारला करावा लागला. म्हातारी झाले आहे, लठ्ठ आहे, पण अजून तेत्राझ्झिनी आहे, असे त्या म्हणत, असे सांगतात. त्या दुपारी मी ती चित्रफीत पाच वेळा पाहिली आणि दुसऱ्या खेपेपासून माझे कान कारुसोकडे नव्हतेच. त्याचा आवाज काय, मला हवा तेव्हा कोठेही मिळतो.

संध्याकाळी माळ्यावरून कॅसेटचा खोका काढला. शेजाऱ्यांकडे जुने यंत्र अजून चालते. एका कॅसेटच्या सुरुवातीला, तंबोऱ्यामागून, भांड्यांच्या आवाजातून आत्याची दीड ओळ ऐकू येते. मग ‘आत्या, गप्प!’ असा माझा आवाज येतो. त्यापुढचे गाणे अगदी स्वच्छ आहे.