तुम्ही विचारलंत म्हणून: पोरगा कुणाकडून खेळणार?

दर दोन वर्षांनी आम्ही कोल्हापूरला येतो आणि पिशव्या उतरवून होईपर्यंत हा प्रश्न आलेला असतो. मागच्या खेपेला शाहू स्टेडियमच्या पायऱ्यांवर शेंगांची पुडी माझ्या पुढे धरत मामांनी विचारलं, "काय गं, पोरगं मोठं झालं की कुणाकडून खेळणार? आपल्याकडून की त्या स्विसकडून?"

कोल्हापुरात हा प्रश्न अंगवळणी पडलेला आहे. फुटबॉलचा सीझन तोंडावर आला की पेठेपेठेत आपापल्या तालमीच्या संघांवरून हेच चालू असतं. अमका यंदा पाटाकडीलकडून की दिलबहारकडून, तमक्यानं शिवाजी तरुण सोडलं म्हणे, खरं का? त्यामुळे मामांचं काही चुकलं नाही. पण माझा मुलगा स्वित्झर्लंडमधल्या बाझेल शहरात जन्मला, तेरा वर्षांचा आहे, घरी मराठी बोलतो, मैदानावर स्विस जर्मन बोलतो आणि त्याच्या खिशात भारताचा पासपोर्ट आहे. स्वित्झर्लंडमध्ये जन्म झाला म्हणून नागरिकत्व मिळत नाही. वर्षं मोजावी लागतात, अर्ज करावा लागतो, आणि राहत्या गावाची व कॅन्टनची, म्हणजे तिथल्या राज्याची, संमती लागते. आणि ते घेतलं की आपला पासपोर्ट जातो, कारण भारत दोन नागरिकत्वं मानत नाही. परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना जे ओसीआय कार्ड मिळतं, त्यावर भारताच्या संघात जागा नाही. फुटबॉलपटू रायन विल्यम्सचं आईकडून मुंबईशी नातं, तरी त्याला २०२५ साली ऑस्ट्रेलियाचं नागरिकत्व सोडूनच भारताचा पासपोर्ट घ्यावा लागला. म्हणजे आमच्या पोरापुढे जी निवड आहे ती पेठ बदलण्याइतकी सोपी नाही.

मामांना मी तेव्हा "बघू" म्हणाले. नीट सांगायचं तर आमच्याच बाझेलमधल्या दोन फुटबॉलपटू भावांची, ग्रानित आणि तौलांतची, गोष्ट सांगावी लागते.

आधी त्यांचं आडनाव. टीव्हीवर शाका, झाका, क्साका असं काय वाट्टेल ते ऐकू येतं. खरा उच्चार जाका, आणि गंमत म्हणजे तो मराठी माणसाइतका नेमका फार थोड्यांना जमेल. आपल्याकडे दोन ज आहेत, एक 'जवळ'मधला आणि एक 'जय'मधला. अल्बेनियनमध्येही तसेच दोन आहेत, आणि त्यांनी दोघांना वेगवेगळी अक्षरं दिली आहेत. एक्स एकटा आला की 'जवळ'चा ज, त्याला एच जोडला की 'जय'चा, आणि जाका लिहितात तो या एक्सएचनंच. च सुद्धा दोन, 'चमचा'तला आणि 'चहा'तला. माझ्या मुलाच्या संघात कोसोवोच्या घरातला एक मुलगा आहे. त्याच्या आजीनं एकदा मला 'जाका' म्हणायला लावलं आणि पहिल्याच फटक्यात बरोबर आलं म्हणून माझा हात धरून ठेवला. नातवाच्या शाळेत इतकी वर्षं त्यांचं स्वतःचं आडनाव कुणी धड उच्चारलं नव्हतं.

ग्रानित जाका २७ सप्टेंबर १९९२ ला बाझेलमध्ये जन्मला. त्याचा भाऊ तौलांत दीड वर्षानं मोठा, तोही इथलाच. आईवडील कोसोवोतले अल्बेनियन. कोसोवो तेव्हा युगोस्लाव्हियातल्या सर्बियाचा प्रांत होता. वडील रागिप १९८६ मध्ये कोसोवोच्या राजधानीत, प्रिश्तिनाला, शिकत असताना बेलग्रेडच्या युगोस्लाव्ह सरकारविरुद्ध निदर्शनात उतरले आणि तुरुंगात गेले. साडेतीन वर्षं राजकीय कैदी. सुटल्यावर १९९० मध्ये नवराबायकोनं युगोस्लाव्हिया सोडला आणि बाझेल गाठलं. कोसोवोचं युद्ध अजून आठ वर्षं लांब होतं, पण ज्यांना कळायचं त्यांना कळलं होतं.

युगोस्लाव्हियातली माणसं त्याच्या कितीतरी आधीपासून या देशात राबत होती. हंगामी परवान्यावर पुरुष यायचे, नऊ महिने इमारती आणि रस्ते बांधायचे, तीन महिने परत जायचे. बायकामुलांना आणायला बंदी. तरी काहींनी आणली. ती मुलं दिवसभर खोलीत गप्प बसायची, दार वाजलं की कपाटात लपायची. जर्मनमध्ये त्यांना 'कपाटातली मुलं' असाच शब्द आहे. तो परवाना २००२ पर्यंत टिकून होता. मी इथे आल्यावर पहिल्यांदा हे ऐकलं तेव्हा आमच्या बिल्डिंगच्या जिन्यावरून उतरताना प्रत्येक बंद दाराकडे बघत होते.

जाकांची पोरं कपाटात लपली नाहीत, त्यांना मैदान मिळालं. आधी कॉन्कॉर्डिया बाझेल, मग एफसी बाझेल. २००९ मध्ये सतरा वर्षांखालच्या मुलांचा वर्ल्ड कप नायजेरियात झाला. स्वित्झर्लंडनं अंतिम सामन्यात नायजेरियाला त्यांच्याच घरी १-० हरवलं. गोल हारिस सेफेरोविचचा, त्याचे आईवडील बोस्नियाचे. संघात ग्रानित जाका, पायतिम कासामी, रिकार्डो रोद्रिगेझ. नुसती आडनावं वाचली तरी कळतं की स्वित्झर्लंडला फुटबॉलमध्ये पहिला जगज्जेतेपदाचा कप कुणाच्या मुलांनी आणून दिला. पुढच्याच वर्षी, वयाच्या सतराव्या वर्षी, ग्रानित बाझेलच्या मुख्य संघातून चॅम्पियन्स लीगच्या पात्रता फेरीत उतरला आणि पहिल्याच सामन्यात गोल केला. त्याच संघात जेर्दान शाचिरी होता, कोसोवोतल्या जिलानमध्ये जन्मलेला, तान्हा असताना इकडे आणलेला. त्याची आई बाझेलमधल्या ऑफिसांची साफसफाई करायची आणि शाचिरी व त्याचे भाऊ तिच्याबरोबर जाऊन मदत करायचे, हे त्यानंच सांगितलं आहे. डिसेंबर २०११ मध्ये या पोरांच्या बाझेलनं मँचेस्टर युनायटेडला २-१ हरवून चॅम्पियन्स लीगबाहेर काढलं. इथली म्हातारी माणसं अजून त्या रात्रीबद्दल बोलतात, आपल्याकडे १९८३ बद्दल बोलतात तशी.

आता मामांच्या प्रश्नाकडे. धाकटा ग्रानित स्वित्झर्लंडकडून खेळला. मोठा तौलांत स्वित्झर्लंडच्या कुमार संघांतून खेळून पुढे अल्बेनियाकडे गेला. ११ जून २०१६ ला फ्रान्समध्ये लांस इथे युरो स्पर्धेत स्वित्झर्लंड आणि अल्बेनिया समोरासमोर आले. युरोच्या इतिहासात दोन सख्खे भाऊ पहिल्यांदाच एकमेकांविरुद्ध उभे राहिले. स्टँडमध्ये त्यांची आई बसली होती. तिच्या टी-शर्टवर अर्धा स्विस झेंडा, अर्धा अल्बेनियाचा. तो फोटो जगभर छापला गेला. लोकांना तो गोड वाटला. मला त्या बाईचा चेहरा आठवतो. चांगला खेळ झाला तर टाळी वाजवायची तिलाच चोरी. स्वित्झर्लंड १-० जिंकलं, ग्रानित सामनावीर ठरला. तौलांतला तासाभरानं बाहेर काढलं तेव्हा त्यानं रागानं पाण्याची बाटली आपटली. एकाच घरात त्या रात्री आनंद आणि राग दोन्ही आले असणार. अल्बेनियाच्या संघातही कितीतरी पोरं स्वित्झर्लंडमध्येच वाढलेली होती. मैदानावर बावीस जण आणि त्यातल्या बऱ्याच जणांचं बालपण एकाच ट्रामच्या रुळांवरचं.

मग २२ जून २०१८, कालिनिनग्राड, वर्ल्ड कप, समोर सर्बिया. पाचव्या मिनिटाला सर्बियाचा गोल झाला, आणि जाका-शाचिरीच्या पायाशी चेंडू आला की स्टेडियम हुर्यो उडवत होतं. ५२व्या मिनिटाला जाकानं बॉक्सबाहेरून डाव्या पायानं असा फटका मारला की गोलकीपर जागचा हलला नाही. धावताना त्यानं दोन्ही हात छातीवर आडवे धरले, अंगठ्यात अंगठा अडकवला आणि बोटं पसरली. अल्बेनियाच्या झेंड्यावरचा दोन डोक्यांचा गरुड. ९०व्या मिनिटाला शाचिरीनं दुसरा गोल केला आणि तीच खूण केली. त्याच्या एका बुटावर स्विस झेंडा होता, दुसऱ्यावर कोसोवोचा. फिफानं दोघांना दहा-दहा हजार फ्रँक दंड केला.

त्या दिवसांत इथे जे वादळ उठलं ते मी रोज कामावर ऐकत होते. कुणी म्हणे, आमची जर्सी घालून दुसऱ्या देशाची खूण कशी करतात. कुणी पुन्हा उकरून काढलं की हे राष्ट्रगीत म्हणत नाहीत. त्याच उन्हाळ्यात फुटबॉल फेडरेशनचे सरचिटणीस म्हणाले, आपल्याला दुहेरी नागरिकत्वाची मुलं हवीत का याचा विचार करायला हवा. २००९ चा कप कपाटात ठेवून हे बोलणं! गदारोळ झाला आणि पुढे ते पद सोडून गेले. मला वाईट वाटलं ते याचं की जिंकलेल्या सामन्यानंतरही या मुलांना विचारलं गेलं, तुम्ही नक्की कुणाचे. आणि हेही सांगितलं पाहिजे: माझ्या विभागात बेलग्रेडची, म्हणजे सर्बियाची, एक बाई होती, मनानं अतिशय चांगली. त्या सोमवारी ती कॉफीला आली नाही. तो गरुड तिलाही लागला होता. वडिलांची साडेतीन वर्षं पोराच्या बोटांत आली हे मला समजतं. त्या बाईचं गप्प बसणंही समजतं. दोन्हींपैकी एक खोडून टाकायला मी तयार नाही.

ग्रानितच्या बाकीच्या कारकिर्दीबद्दल फार सांगत नाही, ती तुम्ही टीव्हीवर पाहिली आहे. एकोणिसाव्या वर्षी जर्मनीत म्योन्शनग्लाडबाख, मग कॅप्टन, २०१६ ला इंग्लंडचं आर्सेनल. पण आर्सेनलमधली दोन दृश्यं सांगायला हवीत. ऑक्टोबर २०१९ मध्ये क्रिस्टल पॅलेसविरुद्ध त्याला बाहेर बोलावलं तेव्हा स्वतःच्याच प्रेक्षकांनी हुर्यो केली. कॅप्टनच होता तो. त्यानं कानाला हात लावला, जर्सी काढली आणि सरळ आत निघून गेला. कॅप्टनपद गेलं. आता हा जाणार, असं सगळे धरून चालले. तो राहिला, आणि साडेतीन वर्षांनी, २८ मे २०२३ ला, त्याच मैदानावर शेवटच्या सामन्यात त्यानं दोन गोल केले. तेच प्रेक्षक गात होते, तू जाऊ नकोस. तो सामना मी आणि मुलगा घरी बघत होतो. मुलगा म्हणाला, "आई, हे तेच लोक आहेत का?" मी म्हटलं, "बरेचसे तेच."

मग तो जर्मनीत लेव्हरकुसेनला गेला. पुढच्याच मोसमात लेव्हरकुसेन एकही सामना न हरता जर्मनीचं विजेतं झालं, आणि जर्मन कपच्या फायनलमधला एकमेव गोल जाकाचा होता. आता तो इंग्लंडच्या सन्डरलंडचा कॅप्टन आहे. स्वित्झर्लंडकडून शंभराहून जास्त सामने झाले. दंडावर स्विस कॅप्टनची पट्टी, आणि घरी अल्बेनियन.

५ सप्टेंबर २०२५ ला वर्ल्ड कपच्या पात्रता फेरीत स्वित्झर्लंडविरुद्ध कोसोवो, आणि सामना आमच्याच बाझेलच्या झांक्ट याकोब पार्क स्टेडियमवर. कोसोवोला फिफानं घेतलं २०१६ च्या मे महिन्यात. भारतानं त्या देशाला अजून मान्यता दिलेली नाही, हेही मला इथे आल्यावरच कळलं. आम्ही मुलाच्या त्या मित्राच्या घरच्यांबरोबर गेलो. त्याच्या बाबांच्या गळ्यात कोसोवोचा निळा मफलर, पोराच्या अंगात स्विस जर्सी, पाठीवर दहा नंबर आणि जाका. स्वित्झर्लंडनं चार गोल केले. चौथ्या गोलानंतर पोरगा उठून ओरडायला लागला, मग बाबांकडे बघून हळूच खाली बसला. बाबांनी त्याला दंडाला धरून परत उभं केलं.

घरी गेलो तेव्हा आजींनी फ्लिया केली होती. पातळ पीठ ओतायचं, वरून निखाऱ्यांचं तापलेलं झाकण ठेवायचं, थर भाजला की वर साय लावून दुसरा थर, असे पंधरा-वीस थर. अर्धा दिवस जातो. त्यांनी मधला खमंग तुकडा आधी माझ्या मुलाच्या ताटात घातला, मग नातवाच्या. कोण जिंकलं हे त्यांनी विचारलं नाही. कुणाला लागलं का, एवढंच विचारलं.

तर मामा, तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. आपला पोरगा सध्या मंगळवारी आणि गुरुवारी संध्याकाळी आमच्या वस्तीच्या क्लबात सराव करतो, शनिवारी सी-ज्युनिअर्सचा, म्हणजे त्याच्या वयाच्या मुलांचा, सामना असतो. डावा बॅक आहे. उजवा पाय अजून कच्चा आहे. पुढच्या मे महिन्यात महिनाभर तुमच्याकडे पाठवते, पेठेतल्या पोरांबरोबर रोज सकाळी त्याला मैदानावर न्या.