एमरीसाहेबांचा साप, एमरीसाहेबांचा निवडुंग

मला पाट्या वाचायची खोड आहे. लोक गच्चीतली फुलं बघतात, मी कुंडीत खोचलेली पट्टी बघतो. एका कॅक्टसवेड्या मित्राच्या गच्चीत पिंपासारख्या फुगीर निवडुंगापुढे अशीच पट्टी दिसली: फेरोकॅक्टस एमोरीआय. काटे चांगले बोटभर होते, पण माझं लक्ष नावावरच अडकलं. सापांच्या पुस्तकात हे गृहस्थ आधी भेटले होते: पँथेरोफिस एमोरीआय, अमेरिकेतला बिनविषारी साप.

एकच नाव सापालाही आणि निवडुंगालाही कसं? यात नियम कुठेच मोडलेला नाही. वर्गात तीन सचिन असले तरी आडनावं वेगळी असली की हजेरी बिनबोभाट होते, तसंच हे. शास्त्रीय नावात आडनाव, म्हणजे गटाचं नाव, आधी येतं, एवढाच फरक. शिवाय झाडांची आणि प्राण्यांची नियमावलीच वेगळी. त्यामुळे आडनावसुद्धा सामाईक चालतं. ज्याच्या काड्यांनी दात घासतात तो मिसवाक म्हणजे साल्वाडोरा, आणि ॲरिझोना-टेक्सासकडे सापांचा एक आख्खा गटही साल्वाडोराच!

तर हे एमरी कोण? विल्यम एमरी, अमेरिकी लष्करातला नकाशे काढणारा अधिकारी. 1846 मध्ये फौजेबरोबर गिला नदीच्या काठाने कॅलिफोर्नियाला गेला. 1848 च्या तहानंतर अमेरिका आणि मेक्सिकोची नवी हद्द प्रत्यक्ष जमिनीवर आखायची होती, त्या मोजणीतही तो होता आणि पुढे तिचा प्रमुख झाला. मोजणीवाल्यांबरोबर झाडं-प्राणी गोळा करणारेही हिंडत. निवडुंग जायचे सेंट लुईसला, जॉर्ज एंगेलमान नावाच्या डॉक्टरकडे. हा रोगी तपासून उरलेल्या वेळात काटे मोजायचा. साप जायचे वॉशिंग्टनला, स्मिथसोनियन संस्थेत बेअर्ड आणि जिरार्ड यांच्याकडे. दोन्ही टेबलांवर माल साहेबांच्या मोहिमांचा, म्हणून दोन्हीकडे मोठ्या साहेबांचं नाव लागलं. सरकारी खात्यात वावरलेल्या माणसाला यात काही नवल वाटणार नाही.

गंमत म्हणजे हे दोन नामबंधू एकमेकांना भेटतच नाहीत. निवडुंग ॲरिझोनाच्या दक्षिण भागाचा आणि मेक्सिकोतल्या सोनोराचा. साप त्याच्या पूर्वेला, टेक्सास-कॅन्सासकडचा. राखाडी अंगावर तपकिरी ठिपके, डोक्यावर भाल्याच्या टोकासारखी खूण. उंदीर विळख्यात आवळून खातो, म्हणजे शेतकऱ्याच्या कामाचाच. पण बिचकला की वाळल्या पाल्यात शेपूट थरथरवतो आणि विषारी खुळखुळ्या सापासारखा (रॅटलस्नेक) आवाज येतो. विष नसलेल्याने केलेली ही बतावणी कधीकधी त्याच्याच जिवावर बेतत असणार.

एमरीच्या आधी मोजणीच्या शास्त्रीय पथकावर जेम्स ग्रॅहॅम होता. त्याचं आयुक्त बार्टलेटशी पटेना, 1851 मध्ये त्याला परत बोलावलं आणि जागी एमरी आला. पद गेलं, पण साप आणि निवडुंग त्यालाही मिळालेच. मॅमिलेरिया ग्रॅहॅमीआय मुठीएवढा, काट्यांची टोकं गळासारखी वळलेली, पावसानंतर डोक्यावर गुलाबी फुलांचा गजरा. आणि रेजिना ग्रॅहॅमीआय? तो पाण्यातला साप. नुकती कात टाकलेले, अजून मऊ असलेले गोड्या पाण्यातले झिंग्यांसारखे क्रेफिश खातो. काटे वाळवंटात आणि साप चिखलात, अशी साहेबांची वाटणी.

मला मात्र यात आर्थर शॉट आवडतो. जर्मनीहून आलेला हा माणूस त्याच मोहिमेत मोजणी करायचा, चित्रं काढायचा आणि नमुने गोळा करायचा. ऊन खाल्लं ते अशांनी. त्याच्या नावाचा निवडुंग बोलीत सेनिता म्हणून ओळखला जातो. जुन्या फांद्यांच्या शेंड्यांना राखाडी केसांची दाढी फुटते, फुलं रात्री उमलतात. एक छोटा पतंग पराग आणून फुलावर नीट घासतो आणि तिथेच अंडं घालतो. अळी बाहेर येऊन फळ खाते. सगळीच फळं अळ्यांच्या पोटात जात नाहीत, काही उरतात, म्हणून दोघांचा संसार चालतो.

शॉटचा सापही आहे, दक्षिण टेक्सासमधला, सडपातळ, चाबकासारखा सुळकन पळणारा: मॅस्टिकोफिस शॉटी. बेअर्ड-जिरार्डनी ग्रॅहॅमच्या सापाच्या नावाला शेवटी दोन 'आय' लावले आणि शॉटच्या सापाला एकच. तेही दोन्ही 1853 मध्ये, एकाच यादीत.