जोर्व्याची तोटी

माझं माहेर कुंभाराचं. त्यामुळे संग्रहालयात बाकीचे पाटी वाचत असतात आणि मी मात्र भांड्याचं बूड न्याहाळत असते. पुण्यात डेक्कन कॉलेजच्या संग्रहालयात जोर्वे संस्कृतीची भांडी पाहताना माझी नजर तोटीवर अडकली.

जोर्वे हे संगमनेर तालुक्यातलं, प्रवरेकाठचं गाव. ह. धी. सांकलिया आणि शां. भा. देव यांनी १९५०-५१ मध्ये तिथे उत्खनन केलं, आणि पुढे महाराष्ट्रात जिथे जिथे तशी भांडी सापडली, तिथल्या संस्कृतीला या गावाचं नाव मिळालं. नेवासे, दायमाबाद, घोड नदीकाठचं इनामगाव, अशी कितीतरी ठिकाणं. काळ साधारण इ.स.पू. १४०० ते ७००. लोखंड यायच्या आधीचा, तांब्याचा आणि दगडी पात्यांचा.

भांडी लाल, त्यावर काळी नक्षी. तिरक्या रेघा, जाळ्या, चौकटी. पोटावर कंगोरा असलेले वाडगे आणि कुशीतून लांब तोटी निघालेले गडू. माती इतकी गाळलेली आणि भाजणी इतकी पक्की, की खापरी वाजवली तर खणखणते.

आता तोटीचं. चाकावर गडू चढवणं एक वेळ जमतं. पण तोटी वेगळी करायची, गडू अर्धवट सुकला की पोटाला भोक पाडायचं, ओल्या मातीने सांधा भरायचा. एक भाग जास्त ओला राहिला की वाळताना तिथेच चीर जाते. वाचलंच तर भट्टीत फुटतं. आमच्याकडे हे काम आईचं होतं, आणि ती ते करत असताना कुणी तिच्याशी बोलायचं नाही. तेव्हा तीन हजार वर्षांपूर्वी गावोगाव हे सहज होत होतं, याचं मला त्या नक्षीपेक्षा जास्त नवल वाटतं.

इनामगावात लहान मुलांना घराच्या जमिनीखाली पुरत. दोन मोठे जाड रांजण तोंडाला तोंड लावून आडवे, आत मूल. ते रांजण हाताने घडवलेले, ओबडधोबड, करड्या रंगाचे. शेजारी ठेवलेला वाडगा आणि तोटीचा गडू मात्र चांगल्यातला. घरातलं नेहमीचंच भांडं मुलाबरोबर दिलं असावं, असं मला वाटतं.

इ.स.पू. १००० नंतर नक्षी कमी होत जाते, काम जाडंभरडं होतं, घरंही ऐसपैस चौकोनी होती त्यांच्या जागी लहान गोल झोपड्या येतात. पाऊसपाणी घटलं, शेती आटली, असं अभ्यासक म्हणतात. पोटाला कमी पडू लागल्यावर रेघा कोण ओढत बसणार?

आणि त्या रेघा ओढल्या कुणी? चाक पुरुष फिरवत असतील तर खुशाल फिरवोत. तोटी आणि नक्षी बायकांच्या हातची, यावर मी पैज लावायला तयार आहे.